जमिनीतून धूर निघतोय, तेच गाव

1878 चा वसंत. अमेरिकेतल्या केंटकीतून निघालेली काही कृष्णवर्णीय कुटुंबं कॅन्सस राज्यातल्या एलिस नावाच्या स्टेशनावर उतरली. तिथे मुलांमध्ये गोवराची साथ आली आणि काही मुलं तिथेच दगावली. मुलांना मागे माती देऊन हे लोक पुढे निघाले. एलिसपासून मुक्कामाचं गाव साधारण 55 किलोमीटर. रस्ता असा नाहीच, होकायंत्र धरून चालायचं. रात्री जनावरं जवळ फिरकू नयेत म्हणून शेकोट्या पेटवायच्या. दोन दिवसांनी पुढचे पुरुष ओरडायला लागले, "निकोडेमस आलं!"

विलियाना हिकमन त्या तांड्यात होत्या. आजारी होत्या, त्यामुळे आता टेकायला मिळेल म्हणून त्यांना हायसं वाटलं. त्यांनी डोळे फाडफाडून पाहिलं. समोर फक्त गवताचा माळ. गाव कुठाय, मला तर दिसत नाही, असं त्यांनी नवऱ्याला विचारलं. रेव्हरंड डॅनियल हिकमन यांनी जमिनीतून ठिकठिकाणी वर येणारा धूर दाखवला आणि सांगितलं, तेच निकोडेमस. माणसं जमिनीत खणलेल्या घरांत राहत होती. विलियानाबाईंना रडू कोसळलं. हे सगळं त्यांनी पुढे म्हातारपणी सांगून ठेवलं, म्हणून आपल्याला माहीत.

"गाव कुठाय?" हा त्यांचा प्रश्न निकोडेमसला दीडशे वर्षं चिकटून राहिला आहे. कायद्याच्या भाषेत विचाराल तर हे गाव आजही सापडायला अवघड. अमेरिकेत अशा वस्तीला 'अनइनकॉर्पोरेटेड कम्युनिटी' म्हणतात. हा शब्द आपल्याकडे कुणी सहसा समजावून सांगत नाही. निकोडेमसचं बोट धरून तो समजून घेता येतो.

आधी आपल्याकडचं बघू. महाराष्ट्रात जमिनीचा तुकडा कुठलाही घ्या, तो कुठल्या ना कुठल्या महसुली गावात असतो, आणि ते गाव बहुतेक वेळा कुठल्या तरी ग्रामपंचायतीत, नगरपंचायतीत किंवा पालिकेत. गाव लहान असेल तर दोन-चार गावांची मिळून गट ग्रामपंचायत. वाडी असो, पाडा असो, तांडा असो, घरपट्टी कुठे भरायची हे ठरलेलं. महसुली गावाचा दर्जा मिळावा म्हणून तांडे-पाडे वर्षानुवर्षं कागद फिरवत राहतात, कारण आपल्याकडे गाव असणं म्हणजे सरकारच्या वहीत गाव असणं.

अमेरिकेत गणित उलट आहे. राज्याची विभागणी काउंट्यांमध्ये होते. काउंटी म्हणजे ढोबळमानाने आपला जिल्हा किंवा तालुका, फक्त तिथे शेरीफपासून (म्हणजे पोलिसप्रमुख) कारकुनापर्यंत बरेच जण निवडून येतात. शहर किंवा नगर मात्र आपोआप होत नाही. रहिवाशांनी मागणी करायची, राज्याच्या कायद्यात बसणारी प्रक्रिया पुरी करायची, मग त्या वस्तीला कायद्याने स्वतंत्र अस्तित्व मिळतं. एखादी कंपनी नोंदवावी तसंच. त्यालाच 'इनकॉर्पोरेट' होणं म्हणतात. मग महापौर येतो, नगरसभा येते, कर बसवता येतो, कर्ज काढता येतं, स्वतःचे नियम करता येतात.

हे ज्यांनी केलं नाही, त्या अनइनकॉर्पोरेटेड. घरं असतात, चर्च असतं, हमरस्त्यावर नावाची हिरवी पाटी असते, लोक "मी अमक्या गावचा" म्हणून सांगतात. पण त्या गावाला कुणी सरपंच नाही, तिजोरी नाही आणि कायदेशीर हद्दही नाही. रस्ता काउंटी बघते, चोरी झाली तर शेरीफ येतो, शाळेचा कारभार वेगळ्या शाळा-जिल्ह्याकडे. जनगणनेवेळी अडचण नको म्हणून जनगणना विभाग अशा काही वस्त्यांभोवती स्वतःच रेघ ओढतो, पण ती मोजण्यापुरती. त्या रेघेने गावाला कसलाही अधिकार मिळत नाही.

अनइनकॉर्पोरेटेड म्हणजे खेडंच, असंही नाही. लास व्हेगासला जाऊन आलेले आपले बरेच जण तिथली ती झगमगती स्ट्रिप फिरून येतात, पण स्ट्रिपचा बहुतेक भाग लास व्हेगास शहरात नाहीच. तो पॅराडाइज नावाच्या अनइनकॉर्पोरेटेड वस्तीत आहे. शहराने आपल्याला हद्दीत ओढून कर लावू नये, म्हणून कॅसिनोवाल्यांनी 1950 साली ही सोय करून घेतली. दुसऱ्या टोकाला नेब्रास्कातलं मोनोवाय. ते रीतसर इनकॉर्पोरेटेड गाव, आणि 2010 च्या जनगणनेत लोकसंख्या एक. त्या एकट्या बाईच महापौर, कारकून आणि खजिनदार. स्वतःच्या खानावळीला दारूचा परवानाही त्या स्वतःच देतात. सांगायचं एवढंच की गाव किती मोठं आणि त्याला कायद्याचा शिक्का आहे की नाही, या दोन गोष्टींचा एकमेकींशी संबंध असेलच असं नाही.

आता निकोडेमस.

अमेरिकेतलं यादवी युद्ध 1865 ला संपलं, गुलामगिरी कायद्याने गेली. आपल्याकडे महात्मा फुल्यांनी 1873 साली 'गुलामगिरी' हे पुस्तक अमेरिकेतल्या ज्या लोकांनी ही प्रथा मोडून काढली त्यांना अर्पण केलं, ते याच घडामोडीच्या कौतुकाने. पण जिथे ही प्रथा होती त्या अमेरिकेच्या दक्षिणेत प्रत्यक्ष चित्र फिरत चाललं होतं. सुटका झाली तरी जमीन जुन्या मालकांचीच होती. 1877 मध्ये दक्षिणेतल्या राज्यांतून केंद्राच्या फौजांनी अंग काढून घेतलं आणि काळ्या लोकांच्या मतदानावर, जमिनीवर, जिवावर पुन्हा गदा आली. मग लोक पश्चिमेकडे बघू लागले.

पश्चिमेला ओढणारी गोष्ट म्हणजे 1862 चा होमस्टेड कायदा. थोडी फी भरायची, 160 एकर सरकारी जमिनीवर दावा लावायचा, पाच वर्षं तिथे राहून ती कसायची, जमीन तुमची. आणि कॅन्ससच का, तर ते गुलामगिरी नाकारून 1861 मध्ये संघराज्यात आलेलं राज्य. गुलामगिरीविरुद्ध हत्यार उचलणारा जॉन ब्राउन तिथे लढला होता. केंटकीतल्या काळ्या माणसाच्या कानाला कॅन्सस हे नाव गोड लागायचं.

1877 मध्ये निकोडेमस टाउन कंपनी उभी राहिली. तिचे अध्यक्ष डब्ल्यू. एच. स्मिथ आणि सचिव रेव्हरंड सायमन राउंडट्री, दोघेही कृष्णवर्णीय. सोबत डब्ल्यू. आर. हिल नावाचा गोरा जमीन-दलाल. इथे 'कंपनी' हा शब्द नीट समजून घ्यायला हवा, कारण गावाची कुंडली तिच्यात आहे. टाउन कंपनी म्हणजे नगरपालिका नव्हे. ती आजच्या भाषेत प्लॉट पाडून विकणारी मंडळी. सरकारी मोजणीत अमेरिकेच्या पश्चिमेचा मोठा भाग चौकटींत कापलेला आहे. सहा मैल लांब, सहा मैल रुंद चौकोनाला टाउनशिप म्हणतात. (आपल्याकडे बिल्डरांनी हा शब्द पळवून त्यात पोहण्याचा तलाव बसवला, ती गोष्ट वेगळी.) त्या चौकोनाचे 36 तुकडे, प्रत्येक एक चौरस मैल म्हणजे 640 एकर. त्याच्या चौथाईला 160 एकर. निकोडेमसचं गावठाण म्हणजे असाच एक चौथाई तुकडा. त्यावर रस्ते आखायचे, प्लॉटना नंबर द्यायचे, नकाशा नोंदवायचा, संपलं. लोकांना ते गाव वाटतं, कायद्याला तो जमिनीच्या तुकड्यांचा नकाशा. निकोडेमस कागदावर कधीच त्याच्या पुढे गेलं नाही.

जाहिराती मात्र जोरात होत्या. केंटकीतल्या लेक्सिंग्टनमध्ये वाटलेलं एक पत्रक आजही छापलेलं बघायला मिळतं. कॅन्ससला जायचंय का, 5 सप्टेंबर 1877 ला निघायचंय, पाच डॉलर भरा. त्या महिन्यात तीनशेहून जास्त माणसं निघाली. रेल्वेने एलिसपर्यंत, तिथून चालत. पोहोचल्यावर पाहिलं तर ना झाडं, ना घरं. बरीच कुटुंबं आल्या पावली परत फिरली. उरलेल्यांचा राग हिलवर, आणि त्याला काही दिवस तोंड लपवून राहावं लागलं असं सांगतात. आजच्या भाषेत सांगायचं तर पत्रकातलं गाव वेगळं आणि साइटवरचं वेगळं. पण ज्यांच्याकडे परतीचे पैसे नव्हते, किंवा ज्यांना परत जायचंच नव्हतं, ते राहिले.

राहिले म्हणजे कसे? घर बांधायला लाकूड नाही, तर टेकडीच्या उतारात खोल खणायचं. वर गवताच्या मुळांनी घट्ट विणलेल्या मातीची ढेकळं रचून छत, त्यातून चुलीचं धुराडं बाहेर काढायचं. विलियानाबाईंना दिसला तो या धुराड्यांचा धूर. जळणाला सूर्यफुलाचे वाळके दांडे आणि माळावर पडलेल्या रानशेण्या. आपल्याकडच्या कुठल्याही आजीला हे सांगावं लागणार नाही, फक्त तिथे ते शेण कधी गाईचं तर कधी गव्याच्या जातीच्या बायसनचं. अवजारं मोजकी, बैल-घोडे त्याहून मोजके, म्हणून पहिली नांगरट म्हणजे बरीचशी फावड्या-कुदळीने. पहिल्या हिवाळ्यात शिकारीवरून परतणाऱ्या ओसेज आदिवासींनी आपल्यातलं मांस वाटून दिलं, म्हणून तगलो, असं तिथली जुनी घराणी सांगत आली. पुरुष मजुरी शोधत लांबच्या रेल्वेकामावर जायचे. बायका मुलांना घेऊन दाव्याच्या जमिनीवर थांबायच्या, कारण जमीन सोडली तर दावा गेला.

गावाला सरकार नव्हतं, पण सरकारचं एक टोक लगेच येऊन पोहोचलं, ते म्हणजे टपाल. 1877 मध्येच निकोडेमसला टपाल कचेरी मिळाली. झॅकरी फ्लेचर यांनी ती सांभाळली, पुढे हॉटेल आणि घोड्यांचा तबेलाही चालवला. त्यांची पत्नी जेनी फ्लेचर गावातल्या पहिल्या शिक्षिका. अमेरिकेतल्या अशा बिनपालिकेच्या गावांचा इतिहास चाळला तर बहुतेक ठिकाणी पहिली तारीख टपालाची सापडते. लोकांच्या डोक्यात गाव असतंच, पण बाहेरच्या जगाला ते पहिल्यांदा कळतं ते पाकिटावरच्या शिक्क्याने.

1880 च्या सुमाराला गाव आणि भोवतालची टाउनशिप मिळून तीनशेच्या आसपास वस्ती झाली. काळ्यांबरोबर थोडे गोरेही होते. मातीच्या घरांच्या जागी चुनखडी दगडाची, लाकडी फळ्यांची घरं आली. दोन वर्तमानपत्रं निघाली, 'वेस्टर्न सायक्लोन' 1886 मध्ये आणि 'निकोडेमस एंटरप्राइज' 1887 मध्ये. एवढ्याशा गावात दोन पेपर! जिथे पालिका नाही तिथे दोन संपादक एकमेकांवर टीका करायला काय मुद्दा काढत असतील, याची मला उत्सुकता आहे. एडवर्ड मॅकेब नावाचे शिकागोहून आलेले गृहस्थ 1878 मध्ये इथे स्थायिक झाले, इथल्या ग्रॅहम काउंटीचे कारकून झाले आणि 1882 मध्ये कॅन्सस राज्याचे लेखापरीक्षक म्हणून निवडून आले. राज्यभरच्या मतांनी अशा पदावर निवडून येणारे कॅन्ससमधले ते पहिले कृष्णवर्णीय. गावाला नगरसेवक नाही, पण गावातला माणूस राज्याचे हिशेब तपासतो, असा तो काळ.

मग रेल्वे आली, म्हणजे यायची होती.

त्या काळी माळावरच्या गावाचं जगणं-मरणं रुळांवर ठरायचं. गहू विकायचा तर गाडी हवी. रेल्वे कंपन्यांना हे पक्कं ठाऊक, म्हणून त्या गावांना एकमेकांविरुद्ध झुंजवायच्या. आमच्याकडून रूळ हवेत ना, मग किती पैसे घालताय? 1887 च्या मार्चमध्ये निकोडेमसच्या लोकांनी मिसुरी पॅसिफिकला बोलावण्यासाठी सुमारे 16,000 डॉलरचे रोखे काढायला मतदान केलं.

वाचणाऱ्याला इथे ठेच लागायला हवी. गावाला पालिका नाही, तर रोखे काढले कुणी? उत्तर पुन्हा टाउनशिप. मोजणीसाठी आखलेल्या चौकोनी टाउनशिपच्या आधारावर कॅन्ससमध्ये कारभारासाठीही टाउनशिपा झाल्या, आपल्या गट ग्रामपंचायतीची आठवण यावी अशा. गावठाण आणि भोवतालची शेतं दोन्ही त्यात. पालिका नसलेल्या गावाला कर्ज काढायला, मत द्यायला तेवढाच एक दरवाजा होता, आणि निकोडेमस त्यातून गेलं. म्हणजे 'अनइनकॉर्पोरेटेड' गावावर कुणाचाच कारभार नसतो, असं समजू नये. कारभार असतो, फक्त गावाच्या नावाचा नसतो.

मिसुरी पॅसिफिकचा सौदा फिसकटला. मग युनियन पॅसिफिकवर आशा लागली. 1888 मध्ये युनियन पॅसिफिकने रूळ टाकले, पण सॉलोमन नदीच्या दक्षिणेकडून, निकोडेमसला काही मैलांवर टाळून. रुळांशेजारी बोग नावाचं नवं गाव उभं राहिलं. निकोडेमसचे दुकानदार चंबूगबाळं आवरून नदीपलीकडे गेले. मॅकेबही पुढे ओक्लाहोमाला गेले आणि तिथे लँग्स्टन नावाचं कृष्णवर्णीयांचं गाव वसवण्यात पुढे राहिले. हिलचं म्हणाल तर शेजारच्याच हिल सिटीला त्याचं नाव लागलं, आणि ते काउंटीचं मुख्य ठिकाण झालं. एकाच माणसाने हात लावलेली दोन गावं, एक शिक्कामोर्तब झालेलं, दुसरं नाही.

इनकॉर्पोरेट झालं असतं तर निकोडेमस वाचलं असतं का? मला नाही वाटत. रेल्वेने महापौर बघून रूळ वळवले नसते. ते गाव काळ्यांचं होतं याचा वाटा किती, यावर अभ्यासक वाद घालतात. पण रूळ चुकलेली गोऱ्यांची गावंही त्या माळावर ढिगाने मेली. पुढे 1930 च्या दशकात मंदी आणि धुळीची वादळं एकदम आली. दुष्काळाने भेगाळलेली, वर्षानुवर्षं नांगरलेली जमीन वाऱ्याबरोबर उडून गेली. 1939 मध्ये मंदीतल्या सरकारी रोजगार योजनेतून चुनखडीचा टाउनशिप हॉल बांधला गेला. आपल्याकडच्या दुष्काळी कामांवर असे रस्ते, तलाव झाले तशीच ती इमारत. बांधून झाली तोवर तिथे जमायला माणसं कमी उरली होती. 1950 पर्यंत गावठाणात 16 जण. 1953 मध्ये टपाल कचेरी बंद, 1960 मध्ये शाळा.

आणि इथेच त्या बिनशिक्क्याच्या असण्याची गंमत कळते. इनकॉर्पोरेटेड गाव ओस पडलं की ते मोडायची प्रक्रिया करावी लागते, देणी भागवावी लागतात, कागद बंद करावे लागतात. निकोडेमसला बंद करण्यासारखं काही नव्हतंच. नोंदणी झाली नव्हती, मग रद्द काय होणार? आपल्या महसूल दप्तरात माणूस न उरलेल्या गावासमोर 'बेचिराख' असा शेरा असतो. मूळ फारसी बे-चिराग, दिवा नसलेलं. तसा शेरा मारायला निकोडेमसच्या बाबतीत वहीच नव्हती.

टिकून राहिला तो एक दिवस. गुलामगिरीतून सुटकेचा सण गावाने अगदी सुरुवातीपासून, 1878 पासून साजरा केला. तो मूळचा 1 ऑगस्टच्या सुमाराचा, ब्रिटिश वेस्ट इंडीजमधली गुलामगिरी 1834 साली त्या तारखेला संपली म्हणून. नंतर तो जुलैच्या अखेरच्या शनिवार-रविवारी आला आणि त्याला 'होमकमिंग' म्हणायला लागले. डेन्व्हर, टोपीका, कॅलिफोर्निया, जिथे जिथे नातवंडं-पणतवंडं पांगली तिथून ती गाड्या काढून येतात. जेवणावळी, मिरवणूक, प्रार्थना. कोकणात गणपतीला बारा महिने कुलूप लागलेली घरं उघडतात, चाकरमानी येतात, तसंच काहीसं, फक्त इथे उघडायला घरंही फारशी उरलेली नाहीत.

या परतणाऱ्यांच्या रेट्यामुळेच निकोडेमसला 1976 मध्ये राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळाचा मान मिळाला, आणि 12 नोव्हेंबर 1996 ला ते राष्ट्रीय उद्यान सेवेच्या देखरेखीखाली आलं. टाउनशिप हॉल, दोन चर्च, जुनं सेंट फ्रान्सिस हॉटेल आणि शाळा, अशा पाच इमारती त्यात येतात. माहिती केंद्र टाउनशिप हॉलमध्येच. यादवी युद्धानंतरच्या पुनर्रचनेच्या काळात कृष्णवर्णीयांनी मिसिसिपीच्या पश्चिमेला वसवलेल्या गावांपैकी टिकून राहिलेलं सर्वांत जुनं, अशी आता त्याची सरकारी ओळख आहे. काउंटी नाही, राज्य नाही, थेट वॉशिंग्टनने गावाची दखल घेतली, तरी गावाला पालिका नाहीच. पत्त्यात पिनकोड लागतो तो बोगचा. रूळ घेऊन गेलेल्या त्याच बोगचा, जिथे आज दीडशेच्या आसपास माणसं राहतात आणि जे रीतसर इनकॉर्पोरेटेड आहे.

2020 च्या जनगणनेत निकोडेमसची लोकसंख्या 14 भरली. ती जनगणना 1 एप्रिलला कोण कुठे राहत होतं ते मोजते. जुलैच्या शेवटच्या शनिवारी मोजत नाही.